पेवाच्या तोंडाशी

थोडं निवांत बसा.

पाठ सरळ, पण ताठ नको. हात मांडीवर. वाचताना डोळे उघडेच राहतील. नजर मात्र सैल सोडा.

एक श्वास आत येतो. एक श्वास बाहेर जातो. त्याला त्याच्या चालीनं चालू द्या.

आज एका शब्दापाशी बसायचं आहे.

पेव.

दोनच अक्षरं. हळू म्हणा. 'पे' म्हणताना ओठ मिटतात आणि उघडतात. 'व' म्हणताना ते जवळ येतात, पण मिटत नाहीत.

पुन्हा म्हणा. पेव.

मनात काय उमटतं, ते पाहा. बहुधा एखादी बातमी उमटते. बेकायदा बांधकामांचं पेव फुटलं. नव्या नव्या क्लासचं पेव फुटलं. शब्द ऐकू येतो तो नाराजीच्या सुरात, आणि जवळपास दरवेळी 'फुटलं'चा हात धरून.

तो सूर ऐका. मग त्याला जाऊ द्या.

या शब्दाखाली जमीन आहे. तिच्याकडे जाऊ.

*

सांगलीला लागूनच हरिपूर आहे. इथं वारणा कृष्णेला मिळते. संगमावर संगमेश्वराचं देऊळ आहे.

मनानंच घाटाच्या पायरीवर बसा. पाणी पाहा. काहीच बोलू नका.

दोन नद्यांचं पाणी पहिल्यांदा शेजारी शेजारी चालतं. पुढं कुठं एक होतं, ते नेमकं दाखवता येत नाही.

आता नजर उलटी न्या, पाण्याच्या विरुद्ध. कृष्णा महाबळेश्वराहून उतरते. वाईच्या घाटांना लागून जाते. साताऱ्याजवळ माहुलीला वेण्णा तिच्यात येते. कऱ्हाडला कोयना समोरून येऊन तिला मिळते. मग वळणं घेत ती औदुंबरावरून सांगलीकडं येते.

पाण्याबरोबर माती येते.

डोंगरउतारावरची माती. शेताच्या बांधावरची माती. पूर चढतो, पसरतो, ओसरतो, आणि जाताना काठावर गाळाचा पातळ थर ठेवून जातो.

एका पावसाळ्याचा एक थर.

त्यावर दुसरा.

हजारो पावसाळे असेच मोजा. मोजू नका, नुसते होऊ द्या.

म्हणून हरिपूरच्या काठाला माती खोल आहे. खणत गेलं तरी लवकर दगड लागत नाही. माती घट्ट आहे, चिवट आहे, पाणी सहजी आत घेत नाही.

तिच्यावर तळहात ठेवा. वरून उन्हानं तापलेली. बोटभर आत गेलं की गार.

सातारा जिल्ह्यातल्या डोंगरांनी दिलेली ही माती सांगलीत येऊन थांबते. या थांबलेल्या मातीत माणसांनी पेवं खणली, माल साठवायची भुयारी कोठारं.

*

जमिनीत एक भोक दिसतं. एक माणूस अंग चोरून उतरेल, एवढंच तोंड.

त्याच्या काठाशी बसा. आत डोकावू नका अजून. काठाशीच बसा.

तोंडाखाली अरुंद मान आहे. मानेखाली पेव पोटासारखं फुगत जातं. खोली 20 ते 25 फूट. विटा नाहीत, खांब नाहीत. मातीच मातीला धरून उभी आहे.

आतल्या भिंती शेणानं सारवलेल्या. तळाला आणि कडेनं पाला पसरलेला. त्यावर हळद.

हळदीपाशी थोडं थांबू.

अक्षय्य तृतीयेच्या आसपास गड्डा मातीत जातो. सुमारे नऊ महिने तो मातीत राहतो. मग खणणी होते. काहिलीत हळद शिजते, अंगणात पसरली जाते, उन्हात कडक वाळते, ड्रममध्ये फिरून पॉलिश होते. हळकुंडं वेगळी निघतात, गड्डे वेगळे. वाईकडची हळद, कऱ्हाडकडची हळद, सांगलीच्या मळ्यातली हळद, बैलगाड्यांतून आणि पुढं ट्रकांतून सांगलीच्या पेठेत येते.

एक हळकुंड हातात घ्या. खरं घ्या किंवा मनातलं.

वजन जाणवू द्या. दिसतं त्यापेक्षा जड लागतं. नखानं खरवडा. आतून केशरी रंग येतो.

वास घ्या. त्यात घरचं लग्न येतं. पालीच्या खंडोबाची यात्रा येते, आभाळात उधळलेला भंडारा येतो. आईनं जखमेवर दाबलेली चिमूट येते. येईल ते येऊ द्या.

मातीतून निघालेली हळद पुन्हा मातीत ठेवायची. पेव म्हणजे एवढंच.

ते काठोकाठ भरतं. मग तोंडावर दगड येतो, दगडावर माती येते. माणसं हात झटकून उठतात आणि घरी जातात.

वरून पाहिलं तर काहीच दिसत नाही. मोकळी जागा. तिच्यावरून शेळी चालत जाते.

खाली हळद आहे. एक वर्ष. दोन वर्षं. भाव येईपर्यंत, गरज पडेपर्यंत.

*

आता आतलं ऐकू या.

कान पेवाकडं लावा. आवाज नाही. वारा नाही. उजेड नाही.

तुमचा श्वास चालू आहे. आत. बाहेर.

पेवातला श्वास मात्र थांबत चालला आहे. कोंडलेल्या हवेतला प्राणवायू हळूहळू संपतो. धान्याचं पेव असेल तर दाणेच तो संपवतात, कारण दाणा जिवंत असतो आणि श्वास घेतो. कार्बन डायऑक्साइड साठत जातो. किडीला जगता येत नाही. पोरकिडा मरतो, सोंडा मरतो. औषधाची एक पुडीही न टाकता माल टिकतो.

ज्या अंधारात कीडही जगत नाही, त्या अंधारात पुढच्या वर्षाचं जगणं सुरक्षित राहतं.

या वाक्यापाशी एक श्वास थांबा.

आणि म्हणूनच पेव उघडलं की लगेच कुणी उतरत नाही.

दगड बाजूला होतो. माणसं काठाशी बसतात. काही तास जातात. हवा आत जाते, जड हवा हलते. मग दोरीला कंदील बांधून तो हळूहळू खाली सोडतात.

तुम्हीही दोरी धरा. ज्योत खाली जाताना पाहा. पाच फूट. दहा फूट. भिंत पिवळी दिसू लागते.

ज्योत विझली, तर उतरायचं नाही. दोर वर घ्यायचा आणि पुन्हा बसायचं.

ज्योत तेवत राहिली, तरच पाय आत टाकायचा.

उघडलेल्या पेवात घाईनं उतरलेल्यांचे जीव गेले आहेत. हे या कामातल्या सगळ्यांना ठाऊक असतं. म्हणून काठाशी बसणं हा इथं कामाचाच भाग आहे.

आपणही थोडा वेळ काठाशीच बसू.

तुमच्या आतही काही मिटवून ठेवलेलं असेल. जुनं दुःख असेल, एखादी आठवण असेल, कुणाला न सांगितलेली इच्छा असेल. आज ते उघडायलाच हवं असं नाही. वरचा दगड थोडा सरकवा. हवा जाऊ द्या. बसा.

दिवा तेवतो का, तेवढंच पाहा.

*

आता थोडं पूर्वेला चला.

माण. खटाव. आटपाडी. जत. सह्याद्रीनं पाऊस अडवला की मागं उरलेला हा कोरडा मुलूख. आभाळ मोठं, ढग पांढरे आणि रिकामे.

इथं ज्वारीचं मोल वेगळं आहे. एक साल पिकतं, दोन सालं पिकत नाहीत. भरल्या सालचा दाणा कोरड्या सालापर्यंत पोचवायचा असतो. वाड्याच्या अंगणात, गावाच्या कडेला, उंच कोरड्या जागी पेवं खणलेली असायची.

1876 साली पाऊस गेला आणि दख्खनभर दुष्काळ पडला. अशा सालात पेवावरचा दगड सरकणं म्हणजे काय असेल, ते मनात पाहा.

माणूस आत उतरतो. वर उभी असलेली माणसं गप्प आहेत. पहिली पाटी वर येते. कडेच्या दाण्याला मातीचा उग्र वास लागला आहे. बायका तो पाखडतात, निवडतात, दळतात.

जात्याचा आवाज ऐका.

त्या घरात तेव्हा 'पेव' हा शब्द कसा उच्चारला जात असेल? तो सूर मनातल्या मनात लावून पाहा.

पेव.

*

मोल्सवर्थ यांचा मराठी-इंग्रजी कोश 1831 साली आला, आणि 1857 साली त्याची दुसरी आवृत्ती आली. तिच्यात हा शब्द आहे, धान्य साठवायचं भुयारी कोठार या अर्थानं. तिथं त्याच्या डोक्यावर अनुस्वार आहे. पेंव.

एकदा तसं म्हणून पाहा. थोडा श्वास नाकातून जातो. शब्द किंचित लांबतो, आत घुमतो.

1962 च्या शुद्धलेखनाच्या नियमांनी असे अनुस्वार काढले. लिहिणं सोपं झालं. तो नाकातला घुमारा मात्र जुन्या माणसांच्या बोलण्यात कधीतरी अजून ऐकू येतो.

शब्दावरचा अनुस्वार असा गेला. मग खुद्द पेवांवर 2005 सालचा पावसाळा येतो.

पुन्हा हरिपूरच्या घाटाच्या पायरीवर या. पाणी वाढतं आहे. सांगलीत कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी माणसं पाण्याचे फूट वाचताहेत. एक पायरी जाते. दुसरी जाते. घाट जातो, रस्ता जातो. पाणी हरिपूरच्या पेवांवर येऊन उभं राहतं.

वरून दिसत नाही, पण खाली हळद भिजते आहे. भिंती सुटताहेत.

ज्या नदीनं माती आणून ठेवली, तीच नदी आत शिरली आहे. तिच्यावर रागावू नका. नुसतं पाहा.

पूर ओसरतो. कितीतरी पेवं खचलेली असतात. 2019 साली पाणी आणखी वर चढतं.

सांगलीची हळद आजही सांगलीच्याच पेठेत येते. 2018 साली तिला भौगोलिक मानांकन मिळालं. पोती आता गोदामात जातात, शीतगृहात जातात. तिथं दिवे आहेत, पंखे आहेत, पत्र्याचं उंच छत आहे. पेव भरणारे आणि उपसणारे हात थोडे उरले आहेत. ते हात थकत आले आहेत.

*

पुन्हा श्वासाकडं या.

आत. बाहेर.

शब्द आता तुमच्यापाशी आहे. त्यात गाळाचे थर आहेत. शेणाचा आणि हळदीचा वास आहे. दोरीवरचा कंदील आहे. दुष्काळातली पहिली पाटी आहे.

भाषेनं या शब्दाचं फुटणं जपलं. मिटवलेलं तोंड उघडलं आणि माल एकदम बाहेर आला, तो क्षण तिच्या लक्षात राहिला. पण पेव फुटायच्या आधी वर्षभर भरलेलं असतं. कुणीतरी पोटाला चिमटा घेऊन उद्यासाठी ठेवलेलं असतं. खरा अर्थ त्या ठेवण्यात आहे, आणि तो आपल्या बोलण्यातून निसटत चालला आहे.

शब्द असे एका दिवसात जात नाहीत. आधी वस्तू जाते. मग तिला हात लावलेली माणसं जातात. मग एक वाक्प्रचार उरतो, आणि त्यात काय होतं हे विचारणारं कुणी राहत नाही.

अजून विचारता येतं. सातारा-सांगलीच्या कितीतरी घरांत पेव पाहिलेलं माणूस आज बसलेलं आहे. तुमच्या आजीला, आजोबांना, शेजारच्या थोरल्या मामांना विचारा. आपलं पेव कुठं होतं? तोंडावर काय ठेवायचे? आत कोण उतरायचं? बोलताना त्यांना घाई करू नका. मध्ये शांतता आली तर येऊ द्या.

आणि ते जे सांगतील, ते त्यांच्याच शब्दांत, गावाच्या नावासकट, आजच लिहून ठेवा.