मुरकुंडी

हंसण्याची परमावधि झाली म्हणजे 'हंसतां हंसतां मुरकुंडी वळली' असें आपण म्हणतों. ज्या गोष्टीनें हंसविलें तिचें या वाक्प्रचारांत नांवहि नाहीं. वर्णन आहे तें सारें हंसणाऱ्याच्या देहाचें. पोट धरून हंसणें, गडबडा लोळणें, यांचीहि तऱ्हा हीच. उलटपक्षीं 'हास्यास्पद' हा शब्द पाहावा. आस्पद म्हणजे स्थान. हास्याचें स्थान कोण तें हा शब्द बोट दाखवून सांगतो आणि हंसणारा मात्र नामानिराळा राहतो. 'प्रेमास्पद', 'आदरास्पद' हीं त्याचीं भावंडें सुखांत नांदत असतां हा मात्र मराठींत तिरस्काराच्या कामीं लागला आहे.

भरतमुनींनीं नाट्यशास्त्राच्या 6 व्या अध्यायांत स्मितापासून अतिहसितापर्यंत हास्याचे 6 भेद सांगितले आहेत. डोळ्यांत पाणी, चढलेला स्वर, हातांनीं आवळून धरलेल्या कुशी, हीं अतिहसिताचीं लक्षणें; म्हणजे आपली मुरकुंडीच! परंतु स्मित आणि हसित उत्तम पात्रांचें, व हें अधमांचें. नटांकरितां केलेली ही व्यवस्था सुशिक्षित घरांतून जणूं शीलाची कसोटी होऊन बसली आहे. चारचौघांत मोठ्यानें हंसूं नये ही ताकीद कोणत्या मुलीनें ऐकली नसेल?

ही प्रतवारी मला पटत नाहीं. कोणाची फजिती पाहून टोळकें खिदळतें तेंहि मोठ्यानेंच, हें खरें. पण त्याची मुरकुंडी वळत नाहीं, कारण त्याचें लक्ष सावजावर असतें. ज्याचा स्वतःचाच तोल गेला तो त्या क्षणीं दुसऱ्याचा न्याय काय करणार?

सुमारें 25 वर्षांपूर्वींची गोष्ट. एका विद्यार्थ्यानें आपण होऊन निबंधाची वही तपासावयास दिली होती. त्यांतील एका उपमेसमोर मीं समासांत 'हास्यास्पद' असा शेरा मारला. त्या वेळीं माझ्या ओंठांवर स्मितच होतें. भरतमुनींच्या हिशेबीं अगदीं उत्तम प्रकृतीचें. पुढें महिनाभरानें शिकवितां शिकवितां व्यासपीठावरून माझा पाय घसरला आणि मी खडूच्या पेटीसह खालीं बसलों. सारा वर्ग लोटपोट झाला. मलाहि हंसूं आवरेना. पाहतों तों तो मुलगाहि बाकावर डोकें टेकून, डोळे पुशीत हंसत होता. माझी आणि त्याची नजरानजर झाली आणि आम्ही दोघेहि पुन्हां हंसत सुटलों.

वही मात्र त्यानें पुन्हां कधीं आणली नाहीं.