बूढापाऱ्यातील चौदा वर्षांचा नरेंद्र

१८७७ साली नरेंद्र कोलकात्याहून रायपूरला आला. वडील विश्वनाथबाबू वकिलीच्या कामानिमित्त तेथे होते. आगगाडी नागपूरपर्यंतच, पुढे पंधरा दिवसांहून अधिक बैलगाडीचा प्रवास. वाटेत कड्याच्या भेगेत मधमाश्यांचे प्रचंड पोळे पाहून ईश्वराच्या शक्तीच्या विचारात तो इतका बुडाला, की बाह्य भान किती वेळ हरपले हे त्याला नंतर सांगता आले नाही.

दत्त कुटुंब बूढापाऱ्यात राहिले. गावात शाळा नव्हती. कोलकात्याचे सवंगडी मागे राहिले आणि वडिलांकडे येणाऱ्या विद्वानांच्या बैठकीत हा मुलगा बसू लागला. विश्वनाथबाबू त्याला मत मांडू देत, स्वतः त्याच्याशी वाद घालत. एखाद्याने ‘पोर आहे’ म्हणून दुर्लक्ष केले, की नरेंद्र भडकत असे. याला स्वाभिमान म्हणतात, ते खरेच. पण मला त्यात त्या वयाची ओढाताणही दिसते. मोठ्यांत गणले जावे असे वाटते, आणि मोठ्यांसारखा राग मात्र गिळता येत नाही!

आपल्या घरातले याच वयाचे मूल सकाळी ‘आता तू लहान नाहीस’ आणि संध्याकाळी ‘तुला काय कळतंय’ असे ऐकते. त्याने नेमके कोण व्हावे? विश्वनाथबाबू उद्धटपणाबद्दल नरेंद्राला रागावत, मनातून त्याचे कौतुकही करत. पण बैठकीतून त्याला उठवले नाही.

१८७९ साली तो परतला, तेव्हा मित्रांना तो शरीराने व मनाने बदललेला दिसला. दोन वर्षांच्या खंडामुळे शाळाप्रवेश अवघड झाला होता. तेथे लहानपणी शिक्षकांना लावलेला लळाच कामी आला.