ॲप उडवलंस, खातं कुठे बंद केलंस?

खातं बंद केलंस म्हणतोस? काय केलंस नेमकं, पायरी पायरीने सांग पाहू. फोनवरच्या याहूच्या चिन्हावर बोट दाबून धरलंस, ‘अनइन्स्टॉल’ केलंस आणि बॅचच्या ग्रुपवर डंका पिटलास, ‘जुनं याहू कायमचं बंद, सुटलो एकदाचा!’ खाली अंगठ्यांची रांग. दहावीच्या गणितातही तू मधल्या पायऱ्या गाळून थेट उत्तर लिहायचास, आणि तेही चुकलेलं असायचं. पस्तिशी उलटली, हाताखाली माणसं आली, खोड मात्र जिथल्या तिथे.

ॲप काढून खातं बंद होत नसतं, शहाण्या. तुझ्या डोळ्यांसमोरून गेलं, एवढंच. तिकडे ते जागच्या जागी आहे, तुझ्या कॉलेजातल्या पासवर्डसकट. तो पासवर्ड शेवटचा कधी बदललास? ऑगस्ट २०१३ मध्ये याहूवर दरोडा पडला. कंपनीने २०१६ मध्ये सांगितलं, शंभर कोटी खाती गेली. पुढच्याच वर्षी कबूल केलं की शंभर नव्हे, तीनशे कोटी. म्हणजे तेव्हाची झाडून सगळी. तुझं खातं त्याआधीचं, तेव्हा तूही त्यात आलास. पासवर्ड झाकलेले होते खरे, पण जुनाट पद्धतीने. आणि नावं, जन्मतारखा, फोन नंबर यांच्याबरोबर काही खात्यांच्या सुरक्षेच्या प्रश्नांची उत्तरंही गेली. पासवर्ड बदलता येतो रे. आईचं माहेरचं आडनाव कसं बदलणार आहेस?

‘त्यात काय आहे बाई, सगळा कचरा,’ असं वर मलाच ऐकवतोस. बरं. उघड तो कचरा माझ्यासमोर. शोधायच्या चौकटीत ‘पॅन’ टाइप कर. हे बघ, पॅनकार्डाचा स्कॅन, भाड्याच्या खोलीसाठी एजंटला पाठवलेला. ‘बायोडेटा’ टाक. जन्मतारीख, वडिलांचं नाव, गावचा पत्ता, सगळं एका पानावर, खाली सही. आता आयकर खात्याचा तो जुना मेल उघड, रिटर्न तपासल्याचा. जोडलेल्या फाइलला पासवर्ड आहे म्हणून निर्धास्त होतोस ना? त्याच मेलमध्ये लिहिलंय की पासवर्ड म्हणजे लहान लिपीतला पॅन आणि पुढे जन्मतारीख. पॅन वरच्या मेलात, जन्मतारीख बायोडेटात. ई-आधारची फाइलही तशीच पडलेली आहे. तिचा पासवर्ड नावाची पहिली चार अक्षरं आणि जन्मवर्ष. चोराला घराबाहेर पाऊल टाकायला नको, सगळं एकाच कपाटात मांडून ठेवलंयस. याला कचरा म्हणतात होय?

आणि हे सगळं वाचायला मिळणं हा त्यातल्या त्यात लहान धोका. मोठा धोका वेगळाच आहे. कुठल्याही संकेतस्थळावर जाऊन ‘पासवर्ड विसरलो’ म्हटलं की नवा पासवर्ड लावायची लिंक तुझ्या नोंदवलेल्या मेलवर जाते. मेल ज्याच्या हातात, खातं त्याचं. २००९ मध्ये ट्विटरवाल्यांना हे चांगलंच महागात पडलं. ‘हॅकर क्रोल’ या नावाने वावरणारा एक फ्रेंच तरुण कंपनीतल्या एका माणसाच्या जीमेलपाशी गेला आणि ‘पासवर्ड विसरलो’ म्हणाला. जीमेलने सांगितलं, लिंक तुमच्या दुसऱ्या पत्त्यावर पाठवली आहे. तो पत्ताही अर्धामुर्धा झाकून दाखवला. हॉटमेलचा आहे हे शेंबडं पोरही ओळखेल. ते हॉटमेलचं खातं वापर नसल्यामुळे केव्हाच रद्द झालं होतं. याने तेच नाव रीतसर नव्याने नोंदवलं आणि लिंक पुन्हा मागवली. आली. नंतर मालकाला संशय येऊ नये म्हणून जुन्या मेलांमधून त्याचा नेहमीचा पासवर्ड हुडकला आणि तोच परत लावून ठेवला. पुढे कंपनीची अंतर्गत कागदपत्रं त्याच्या हाती लागली आणि त्या जुलैत त्यातली काही टेकक्रंच या संकेतस्थळाने छापलीही. एवढ्या हुशार लोकांच्या कंपनीत भोक पडलं ते कुणीतरी वाऱ्यावर सोडलेल्या एका फुकट्या खात्यातून.

आता तुझ्या घरचं सांगते. बाबांच्या फोनवर जीमेल कुणी उघडून दिलं? तूच. रिकव्हरीसाठी पत्ता कुणाचा दिलास? मान खाली घालू नकोस, बोल. तुझं याहू! त्यांच्या पेन्शनचं बँकेचं विवरण त्या जीमेलवर येतं, आणि त्या जीमेलची किल्ली तू ज्याला कचरा म्हणतोस तिथे पडली आहे. याहूवर बारा महिने फिरकलं नाही की खातं निष्क्रिय धरलं जातं. अशी निष्क्रिय नावं याहूने २०१३ मध्ये दुसऱ्यांना वाटलीसुद्धा. नव्या मालकांना जुन्यांची खासगी पत्रं यायला लागली, ओरड झाली, तेव्हा ‘हा मेल माझा नाही’ सांगायचं बटण द्यावं लागलं. बैल गेला आणि झोपा केला.

तेव्हा पुन्हा लॉगिन कर आणि वही घे. होय, कागदाची वही. संगणकात यादी करतो म्हणशील आणि ती त्याच मेलवर ठेवशील, ओळखते मी तुला. मेलपेटीत ‘वेलकम’, ‘व्हेरिफाय’, ‘ओटीपी’, ‘स्टेटमेंट’, ‘पॉलिसी’ असे शब्द एकेक करून शोध. समोर येईल ते वहीत उतरव. आयआरसीटीसी निघेल, पीएफ निघेल, पासपोर्ट निघेल, आयकर पोर्टल, डिमॅट, विमा. पहिल्या नोकरीत असताना मित्राच्या नादाने हजाराची एसआयपी सुरू केली होतीस, ती बंद पडली तरी पैसे तिथेच आहेत ना? त्या फोलिओला हाच पत्ता असणार. म्युच्युअल फंडांचं एकत्रित विवरण नोंदवलेल्या मेलवरच येतं. पत्ता मेला की तुझ्याच पैशांचा माग तुलाच लागायचा नाही. तुझ्या बायकोला तर त्याहून नाही.

एकेका ठिकाणी जाऊन नवा पत्ता लाव, ओटीपी आला, बदल दिसला, की मगच वहीत त्यापुढे खूण. ‘नंतर करतो’ला खूण नाही. काही ठिकाणी बदलाची परवानगी जुन्या पत्त्यावरच मागतात, म्हणून तर खातं जिवंत असतानाच हे उरकायचं. रिकव्हरीचा मोबाइल नंबरही बघ. पुण्याला असताना जो नंबर होता तो सोडून किती वर्षं झाली? बंद झालेला नंबर नव्वद दिवस बाजूला ठेवतात, मग दुसऱ्याला देता येतो. तुझे ओटीपी आज कुणाच्या खिशात वाजत असतील याचा विचार केलायस? सेटिंगमध्ये फॉरवर्डिंगही तपास. तू न लावलेला एखादा पत्ता तिथे दिसला तर तुझे मेल आधीपासूनच कुणीतरी वाचतंय. तसं असेल तर पहिलं काम पासवर्ड बदलायचं, बाकी सगळं मागाहून.

मग हवे ते मेल उतरवून घे. आजीच्या पंच्याहत्तरीचे फोटो त्यात आहेत, बहिणीने अमेरिकेतून लिहिलेली पत्रं आहेत. ती काय कंपनीकडे मागायला जाणार आहेस? उतरवलेली प्रत उघडते की नाही तेही बघ. नुसती फाइल डिस्कवर पडली म्हणजे काम झालं नाही.

हे सगळं झाल्यावर बंद करायचं बटण. त्यातही प्रत्येक कंपनीची तऱ्हा निराळी. जीमेल काढायचं म्हणून कुणी अख्खं गुगल खातंच पुसतो, आणि फोटो, ड्राइव्ह, विकत घेतलेली ॲपं सगळं स्वाहा. नुसतं जीमेल काढायची सोय वेगळी असते, नीट वाचायचं. मायक्रोसॉफ्टचं खातं बंद करण्याआधी लॅपटॉपची डिस्क कुलूपबंद करणाऱ्या बिटलॉकरची किल्ली त्याच खात्यात जपलेली नाही ना, ते बघ. नाहीतर एके दिवशी विंडोज ती किल्ली मागेल आणि तू कपाळाला हात लावशील. खातं कायमचं पुसण्याआधी मायक्रोसॉफ्ट तीस किंवा साठ दिवस थांबतं, याहू भारतातल्या खात्यांना साधारण नव्वद. या मुदतीत ‘बंद झालं का बघू या’ म्हणून लॉगिन करायचं नाही. केलंस की गेलेलं खातं पुन्हा उठून बसतं.

आणि वहीतल्या एकाही ओळीबद्दल शंका असेल, तर बंद करूच नकोस. ऐकतोयस ना? माझं मत विचारशील तर याहूच्या बाबतीत घाईने बंद करण्यापेक्षा रिकामं करून कुलपात ठेवलेलं बरं. जुने मेल पुसायचे, ट्रॅशसुद्धा. नवा लांबलचक पासवर्ड लावायचा, दुहेरी पडताळणी चालू करायची, आणि वर्ष उलटायच्या आत लॉगिन. दिवाळीआधी घर झाडतोस त्या दिवशी कर आणि मधे एकदा गुढीपाडव्याला, म्हणजे विसरणार नाहीस. दोन-तीन दिवाळ्यांत एकही कामाचा मेल आला नाही, तर मग खुशाल बंद कर.

नवीन खातं काढताना तू पाच मिनिटं घेतलीस म्हणून बंद करायलाही पाच मिनिटंच लागतील, हे कुठल्या पुस्तकात वाचलंस? दोन रविवार जातील. जाऊ देत. मॅच बघताना जातातच ना?

सुरुवात बाबांच्या जीमेलपासून करायची. उद्याच गावी फोन लाव आणि त्यांच्याकडून रिकव्हरीचा पत्ता बदलून घे. ओटीपी त्यांचा त्यांना टाकू दे. तुला सांगायला लावू नकोस, नाहीतर फोनवर कुणालाही ओटीपी सांगायची सवय तूच त्यांना लावशील. मग तुझी वही. आणि ‘झालं बाई’ असा निरोप मला नको. पानांचे फोटो पाठव, खुणांसकट. कोरी ओळ दिसली तर मी विचारणार आहे.