बाबांशी कोण बोलणार?

दहावीचा निकाल लागला की आठवडाभरात चौकाचौकांत फ्लेक्स चढतात. वर नव्वदच्या पुढची मुलं, खाली शुभेच्छुकांची रांग, आणि शुभेच्छुकांचे फोटो मुलांच्या फोटोंपेक्षा मोठे. मग सत्कार सोहळा. शाल, श्रीफळ आणि प्रमुख पाहुण्यांचं भाषण. त्यात गरुडभरारी असते, आकाशाला गवसणी असते, अपयश यशाची पहिली पायरी असते. मुलं टाळ्या वाजवतात, कारण आई शेजारीच बसलेली असते.

या वयाच्या मुलांना उत्तेजनाच्या शब्दांचा तोटा नाही. मोबाईल उघडला की सकाळी सहापासून ते धो धो कोसळत असतात. टंचाई आहे ती वेगळीच. आपल्या वतीने घरात चार शब्द टाकणारं माणूस फार थोड्यांच्या वाट्याला येतं. पंधरा-सोळाव्या वर्षी आयुष्याचे बरेच निर्णय दुसऱ्याच्या हातात असतात. फीचे पैसे, गावाबाहेर राहायची परवानगी, आर्ट्स की सायन्स, मुलीच्या बाबतीत तर शिक्षण पुढे चालू ठेवायचं की स्थळं बघायची हेसुद्धा. अशा मुलाला ‘तू करू शकतोस’ म्हणणं सोपं. ज्याच्या होकारावर सगळं अडलंय, त्याच्यासमोर जाऊन बसणं अवघड.

जोतीराव फुल्यांच्या चरित्रातला एक प्रसंग मला या दिवसांत हटकून आठवतो. शाळेत हुशार असलेल्या जोतीची शाळा मध्येच सुटली. वडील गोविंदराव यांच्या दुकानातल्या कारकुनाने त्यांचे कान भरले, असं चरित्रकार सांगतात. मुलगा शिकला तर बिघडेल, कामाचा राहणार नाही. गोविंदरावांना ते पटलं आणि पोरगा मळ्यात कामाला लागला. लग्नही झालं. त्या काळच्या रीतीप्रमाणे विषय तिथेच संपायचा.

पण शेजारी दोन माणसं होती. गफ्फार बेग मुन्शी आणि लिजिट साहेब. एक उर्दू-फारसीचे शिक्षक, दुसरे ख्रिस्ती गृहस्थ. पोराची बुद्धी त्यांच्या नजरेत भरली होती. पाठीवर हात ठेवून ‘शाब्बास, मोठा होशील’ एवढं म्हणून ते आपापल्या घरी गेले असते, तर त्यांना कोणी नावं ठेवली नसती. ते गोविंदरावांकडे गेले. समजूत घातली. १८४१ मध्ये, वयाच्या चौदाव्या वर्षी, जोती पुन्हा शाळेत बसला, स्कॉटिश मिशनच्या. १८४७ मध्ये तिथलं शिक्षण संपलं आणि पुढच्याच वर्षी पुण्याच्या भिडे वाड्यात त्याने मुलींची शाळा काढली.

कारकून आणि मुन्शी, दोघेही एकाच कानाशी बोलले, हे लक्षात घ्या. मुलाचं नशीब त्या कानात ठरत होतं. आपल्याकडे कारकुनांची वाण कधीच नव्हती. ‘आमच्या ओळखीत एकाने केलं होतं, काही स्कोप नाही त्यात’ हे वाक्य ऐकवायला माणूस लग्नाच्या पंगतीतही मिळतो.

त्याच फुल्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या मुलीने मांग-महारांच्या दुःखावर निबंध लिहिला, तेव्हा ती चौदा वर्षांच्या आसपासची होती. १८५५ मध्ये ‘ज्ञानोदय’ या नियतकालिकाने तो दोन भागांत छापला. निबंध तिचाच, धारही तिचीच. पण शाळकरी मुलीचं लिखाण छापण्याजोगं आहे असं मोठ्यांपैकी कोणाला तरी वाटलं, म्हणून ते आज आपल्या हातात आहे. वहीतच राहिलेले असे निबंध किती असतील!

गुणपत्रिका वाटपाच्या दिवशी एका शाळेच्या फाटकात पाहिलेली गोष्ट सांगतो. मुलाचे गणित आणि विज्ञान असे दोन विषय गेले होते. वडील मोटारसायकलवर बसूनच होते, डोक्यावरचं हेल्मेटही काढलं नव्हतं. मुलगा चार हातांवर उभा, गुणपत्रिकेची गुंडाळी करत आणि उलगडत. शाळेचे शिपाई मामा गेट लावायला आले, त्यांनी एकदा दोघांकडे पाहिलं आणि मुलाला ओलांडून थेट वडिलांकडे गेले. ‘दादा, दोनच विषय राहिलेत. एटीकेटीवर अकरावीला प्रवेश मिळतो. पुरवणी परीक्षा लगेच आहे, फॉर्म शाळेतूनच भरायचा. शुक्रवारपर्यंत या, मी आहे इथं.’ वडील क्षणभर गप्प राहिले. मग हेल्मेट काढून टाकीवर ठेवलं आणि विचारलं, ‘फी किती?’

बापाच्या रागाचं मूळ पुष्कळदा धास्तीत असतं. आता पुढे काय, किती खर्च, लोक काय म्हणतील. त्या धास्तीला तारीख, आकडा आणि खिडकी नंबर मिळाला की राग निम्म्यावर येतो. सुविचाराने हे होत नाही.

मुलाशी थेट बोलायचंच असेल, तर त्यातही कष्ट घ्यावे लागतात. अमेरिकेत मानसशास्त्रज्ञ डेव्हिड येगर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१४ साली एक छोटा प्रयोग प्रसिद्ध केला. सातवीच्या मुलांनी निबंध लिहिले, शिक्षकांनी ते नेहमीसारखे तपासून त्यावर शेरे मारले. काही वह्यांवर एक साधी चिठ्ठी लावली, तर काहींवर या अर्थाची, की माझी अपेक्षा मोठी आहे, तू ती पुरी करशील हे मला ठाऊक आहे, म्हणून एवढ्या सूचना लिहिल्या. निबंध पुन्हा लिहायची सक्ती नव्हती. साध्या चिठ्ठीवर कृष्णवर्णीय मुलांपैकी १७ टक्क्यांनीच तो पुन्हा लिहिला. दुसऱ्या चिठ्ठीवर हे प्रमाण सत्तरच्या पुढे गेलं. ही चिठ्ठीची जादू म्हणून सांगण्याचा मोह होईल, पण चिठ्ठीखाली तपासलेला अख्खा निबंध होता. कोणी तरी तो ओळ न् ओळ वाचला होता.

आता थोडं तुम्हा मुलांशी, कारण हे सदर घरात कोणी मोठ्याने वाचत असेल तर तुम्हीही कान देऊन असाल. तुमच्या बाबांना ज्याचा शब्द खाली पडू देणं जमत नाही, असं एक माणूस बहुतेक घरांत असतं. आत्या, मामा, बाबांचा जुना मित्र, एखादे निवृत्त गुरुजी. त्यांना गाठा. ‘माझ्यासाठी बोलाल का?’ असं विचारण्यात काही कमीपणा नाही. मात्र रिकाम्या हाताने जाऊ नका. आयटीआयला वायरमन करायचंय, तर कुठल्या गावी, फी किती, एसटी किती वाजता, हे कागदावर लिहून न्या. एवढं करूनही नकार येऊ शकतो. मग सहा महिन्यांनी पुन्हा विषय काढावा लागतो. आणि विषय काढायचीच नव्हे, सकाळी उठायचीही इच्छा उरली नसेल, तर १४४१६ हा टेली-मानस या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा मोफत क्रमांक दिवसरात्र चालू असतो, मराठीत बोलता येतं.

आत्याला फोन लावलात तर मात्र सरळ मुद्द्यावर या. इकडचं तिकडचं सुरू केलंत की ती आधी शेजारच्या मुलीला किती टक्के पडले ते विचारणार.