शून्य व्हावे की एक?

वाचकहो, सातवीत शिकणारे नातवंड घरी असेल तर त्याची गणिताची वही आज जरा उघडून पाहा. पूर्णांकांच्या गुणाकाराचा एक साधा नियम तिथे सापडेल. कोणत्याही संख्येला १ ने गुणले तर तीच संख्या मिळते. ७ × १ = ७, आणि (−७) × १ = −७. म्हणून १ ला गुणाकाराचा अविकारक म्हणतात. अविकारक म्हणजे समोरच्यात विकार न घडवणारा. बेरजेत हेच काम शून्य करते, ७ + ० = ७.

मीपणा सोडा, शून्य व्हा, असा बोध आपण नेहमी ऐकतो. बोध खरा आहे. पण शून्य कुठे व्हायचे, हेही विचारले पाहिजे. बेरजेत निरुपद्रवी असलेले शून्य गुणाकारात समोरच्याला गिळून टाकते. ७ × ० = ०. आणि संसार हा गुणाकार आहे. ‘मी सारे सोडले’ म्हणून कर्ता माणूस शून्य झाला, की घरच शून्य होते. याला वैराग्य म्हणू नये. घरात अहंकार टाकून ‘एक’ व्हावे. आपण असावे, आणि दुसऱ्याला त्याच्याच रूपात राहू द्यावे. आषाढीला नांदेड-लातूरकडच्या दिंड्यांत थोर-धाकटे एकमेकांना माउली म्हणून पाया पडतात, तेव्हा कुणी कुणाला पुसून टाकत नाही.

आता खरी अडचण पाहा. उणे सात १ ने गुणूनही उणे सातच राहतात. आपल्या शास्त्रात उणे संख्येचे नावच ऋण. ब्रह्मगुप्ताने इ. स. ६२८ मध्ये ‘ब्राह्मस्फुटसिद्धांता’त धन, ऋण आणि शून्य यांचे नियम मांडले. धन म्हणजे संपत्ती, ऋण म्हणजे कर्ज. मराठवाड्याच्या शेतकऱ्याला हा शब्द समजावून सांगावा लागत नाही. सोयाबीन पाण्यात गेले, कर्ज थकले, आणि आपण जवळ बसून ‘विठ्ठल पाहून घेईल’ म्हणालो, तर त्याचे ऋण तेवढेच उरते. मग ती संगत वाया गेली का?

वाया नाही गेली. लोक पाठ फिरवू लागले की कर्जबाजारी माणूस स्वतःला नाहीसा समजू लागतो. जवळ बसणारा त्याला नाहीसा होऊ देत नाही. पण तेवढ्यावर थांबणे हा अर्धाच धर्म. उणे एकने गुणले की ऋणाचे धन होते, पण ते वहीत. शेतात असे चिन्ह पालटून देतो म्हणणाऱ्या बुवापासून दूर राहावे. ऋण फेडायचे तर तेवढे मिळवावेच लागते, (−७) + ७ = ०. इथले शून्य सुटकेचे आहे. कुणी बियाणे द्यावे, कुणी पेरणीला बैल द्यावेत, कुणी लेकराची फी भरावी.

संगत गुणाकाराची असावी, मदत बेरजेची. पुढच्या एकादशीला अशा शेजाऱ्याच्या आखाड्यावर जरूर जा. त्याच्याजवळ बसा, हरिपाठ म्हणा, आणि उठताना हळूच विचारा, “किती कमी पडतात?”