सम्यक वाचा आणि आयडा वेल्स



खोटे बोलणार नाही, हे शील आपण घेतले आहे. पण खोटे ऐकून गप्प बसणे ही सम्यक वाचा होईल काय? भगवान बुद्धांनी कालामांना सांगितले की, ऐकीव आहे, परंपरेने आले आहे, एवढ्याने काही मानू नका, पारखून घ्या. अमेरिकेतील एका ख्रिस्ती शिक्षिकेने आपल्या आयुष्यात हेच केले.

आयडा वेल्स १८६२ साली मिसिसिपी राज्यात गुलामगिरीत जन्मल्या. सोळाव्या वर्षी आईबाप साथीत गेले. भावंडांसाठी त्या शाळेत शिकवू लागल्या आणि पुढे मेम्फिस शहरात वृत्तपत्राच्या संपादिका झाल्या.

त्या काळी गोऱ्यांचे जमाव कृष्णवर्णीयांना खटल्यावाचून ठार मारीत आणि सांगत की, यांनी गोऱ्या स्त्रियांची अब्रू घेतली. आयडाबाईंनाही आधी ते खरे वाटे. मार्च १८९२ मध्ये त्यांचे मित्र टॉमस मॉस व आणखी दोघांना तुरुंगातून ओढून मारले. त्यांच्यावर तसा आरोपही नव्हता. त्यांचे किराणा दुकान शेजारच्या गोऱ्या दुकानदाराच्या डोळ्यांत खुपत होते.

मग बाईंनी एकेक प्रकरण तपासले. त्यांनी लिहिताच जमावाने छापखाना मोडला आणि त्यांना जिवे मारण्याची धमकी दिली. बाई मेम्फिसला परतल्या नाहीत, पण लेखणीही खाली ठेवली नाही. १८९२ च्या ‘सदर्न हॉरर्स’ या पुस्तिकेत त्यांनी आकडे मांडले : आठ वर्षांत ७२८ बळी, आणि अब्रूचा आरोप फक्त एकतृतीयांशांवर! १८९५ च्या ‘अ रेड रेकॉर्ड’मध्ये तर गोऱ्यांच्याच वृत्तपत्राच्या नोंदी पुरावा म्हणून दिल्या. १९३१ साली त्या वारल्या. अशा हत्यांविरुद्ध अमेरिकेत केंद्रीय कायदा झाला तो २०२२ साली.

बंधूभगिनींनो, आपल्याच लोकांविषयीचे खोटे आयडाबाईंना खरे वाटले होते. आपल्या आजाआजींनाही सांगितले गेले की, मागल्या जन्मीच्या पापाने तुम्ही अस्पृश्य जन्मलात. त्यांनी ते मानले, मान खाली घातली. बाबासाहेबांनी ते खोटे पारखून फेकून दिले आणि आपल्याला धम्म दिला.

म्हणून कोणी करणी, नशीब, जन्माचा डाग सांगू लागला, तर ‘पुरावा काय?’ असे विचारा. मुलांनाही विचारू द्या. आपल्यावर अन्याय झाला, तर तारीखवार लिहून ठेवा. रागाच्या शब्दांपेक्षा खरी नोंद अधिक टिकते. हीच सम्यक वाचा.

नमो बुद्धाय! जय भीम!