चिठ्ठीवरचं बी.पी.

जिल्हा रुग्णालयाच्या नर्सिंग स्कूलमध्ये जीएनएमच्या तिसऱ्या वर्षाला एक मुलगी होती. हात हलका, बोलणं मायेचं. एखाद्या बाळाची शीर सापडेना झाली की सिस्टर तिलाच हाक मारत. कॉम्प्युटरच्या तासाला मात्र ती हमखास काहीतरी कारण काढायची. "मी माणसं सांभाळायला आलेय. बटणं दाबायला ऑपरेटर आहे की!"

सगळा दोष तिचा नव्हता. लॅबमधले सर टायपिंग घेत, पगाराचे तक्ते करायला लावत. त्या पडद्यावर पेशंट कधी दिसलाच नाही, तर मुलीचं मन तिथे रमावं कसं? वॉर्डातही "आधी काम, मग कॉम्प्युटर" असंच कानावर पडे. दरवर्षी १२ मे रोजी दिवे लावून फ्लोरेन्स नाइटिंगेलचं स्मरण होई. याच बाईंनी क्रिमियाच्या युद्धातले मृत्यू मोजले आणि जखमांपेक्षा टाळता येणाऱ्या रोगांनीच जास्त सैनिक गेले, हे १८५८ साली आकृत्या काढून दाखवलं. ते कुणी सांगत नसे. सांगायलाच हवं होतं.

पावसाळ्यात तिला रात्रपाळी लागली. वॉर्डात डेंग्यूचा चौदा वर्षांचा मुलगा होता. त्याचा ताप उतरला होता, त्यामुळे आई निर्धास्त झाली होती. रात्री दहाला मुलीने बी.पी. घेतलं, १००/८०. ठीक वाटलं. चिठ्ठीवर लिहून तिने ती एप्रनच्या खिशात टाकली.

"दहाचं कॉम्प्युटरवर चढवलंस?" सिस्टरांनी विचारलं.

"सकाळी सगळ्यांचं एकदम चढवते."

"आत्ता चढव. मला चार्ट बघायचाय."

ती नाराजीनेच खुर्चीवर बसली. संध्याकाळच्या मुलींनी आपापले आकडे वेळेवर भरले होते. सहाला ११०/७०, आठला १०४/७६. तिने खाली १००/८० भरलं आणि तिचा हात थांबला. एकेकटा पाहिला तर कुठलाच आकडा घाबरवणारा नव्हता. पण वरच्या-खालच्या आकड्यांतलं अंतर चाळीसवरून अठ्ठावीस, अठ्ठावीसवरून वीसवर आलं होतं. डेंग्यूत ताप उतरतानाच धोका असतो, अंतर वीसवर आलं की शॉकची शंका घ्यायची, हे तिने परीक्षेत लिहिलं होतं. ती धावत गेली. मुलाचे पाय गार होते, नाडी बारीक लागत होती.

डॉक्टर आले, सलाईनचा वेग वाढवला. पहाटेपर्यंत पाय ऊबदार झाले, लघवीही झाली.

"कॉम्प्युटरमुळे कळलं, सिस्टर," ती म्हणाली.

"गार पाय तुझ्या हाताला लागले गं, कॉम्प्युटरला नाही. पण दहाला तू तिथे होतीस, तेव्हा पायांना हात लावला होतास का?"

तिने नकारार्थी मान हलवली.

पुढच्या तासाला ती लॅबमध्ये सर्वांआधी पोचली. "सर, पगाराच्या तक्त्याऐवजी बी.पी.चा करूया? दोन आकड्यांतलं अंतर आपोआप निघेल आणि वीसवर आलं की रकाना लाल होईल, असा."

"होईल की. पण वीसच का?" सरांनी विचारलं.

ती फळ्यापाशी गेली आणि सरांना डेंग्यू समजावून सांगू लागली. मागच्या बाकावरच्या मुलींनी खुर्च्या पुढे ओढल्या.